ठकीने दिलेलं फूल

११ जानेवारी

डायरी लिहिणाऱ्या माणसांचा मला नेहमी संशय येत आला आहे. जे बायकोला सांगता येत नाही ते वहीला सांगतात, असं माझं मत होतं. पण आमच्या हिला जाऊन दोन वर्षं होत आली, तेव्हा त्या मताला आता काही अर्थ उरला नाही. नियम एकच ठेवायचा. लिहिलेलं उलटून वाचायचं नाही. जन्मभर लोकांच्या कवळ्या केल्या, एकदा डॉक्टरांकडे पाठवलेल्या कवळीचा परत विचार केला नाही. (ती 'चावताना टोचते' म्हणून परत यायची, ती गोष्ट वेगळी.)

आजच सुरुवात करायचं कारण म्हणजे ठकी आणि जावई आले होते. ठकी म्हणजे आमची लेक. लहानपणी लाकडाच्या ठकी बाहुलीसारखा गोल गरगरीत चेहरा होता, म्हणून हे नाव मीच ठेवलं. आता मोठ्या ऑफिसात माणसं कामावर घ्यायचं आणि काढायचं काम करते, तिथे तिला मॅडम म्हणतात. घरात ठकीच.

येताना काचेची पेटी घेऊन आली. आत एक वाकडी काडी आणि काडीवर फिकट गुलाबी फूल.

"बाबा, ओळखा काय आहे."

"फूल आहे."

"नीट बघा."

मी चष्मा पुसून वाकलो, तर फुलाने मान वळवून माझ्याकडे पाहिलं. मी इतका दचकलो की जावयांनी मला धरलं आणि मग आम्ही तिघंही हसत सुटलो. या घरात इतकं हसू बऱ्याच दिवसांनी झालं.

प्रार्थनाकीटक म्हणतात त्या जातीतला हा किडा, पण अगदी ऑर्किडच्या फुलासारखा. पायांना पाकळ्या आहेत. खऱ्याच पाकळ्या म्हणाव्यात अशा. मादी आहे, अजून लहान आहे, मोठी झाली की पंख येतील. लोक हौसेने पाळतात म्हणे. "तुम्हाला सोबत," ठकी म्हणाली. मी म्हटलं, सोबतीला लोक कुत्रा देतात. ती म्हणाली, "कुत्र्याला फिरवायला तुम्ही रस्त्यावर जाणार, मला घोर. ही बरी."

१२ जानेवारी

पेटी कुठे ठेवायची यावरून काल थोडी वादावादी झाली होती ती लिहायची राहिली. बाहेरच्या खोलीत उजेड छान येतो, मी तिथे म्हणत होतो. जावई म्हणाले, नाही, स्वयंपाकघरात ऊब असते, किड्यांना ऊब लागते. ओट्याच्या या टोकाला, फ्रीजशेजारी ठेवली. तिच्या मागच्या फळीवर एक छोटा कॅमेराही बसवला, बाटलीच्या बुचाएवढा. म्हणजे आम्हालाही फोनवर हिची गंमत बघता येईल, ठकी म्हणाली. आवाजही ऐकू जातो. मी म्हटलं, ही काय गाणार आहे का?

नाव ठेवलं बाईसाहेब. हात जोडून बसते आणि कामाला हात लावत नाही.

१९ जानेवारी

वरच्या मजल्यावरचे मास्तर चहाला आले. शाळेतून निवृत्त होऊनही समोर दिसेल त्याला शिकवतात. त्यांच्या तोंडातली कवळी माझीच, शेवटच्या चारपाच कामांतली. हसले की माझं काम माझ्याकडे बघून हसतं, म्हणून ते मला आवडतात. पेटीत बघून म्हणाले, "नाकतोडा पाळलात?"

मी म्हटलं, नाकतोडा म्हणू नका, तिला ऐकू जातं. मग त्यांना दाखवलं. एका बरणीत पिकलं केळं ठेवून मी माश्या जमवतो. बाईसाहेबांना चिलटं पुरत नाहीत, माशी लागते. माशी सोडली आणि आम्ही दोघं स्टुलांवर बसलो. बाईसाहेब जागच्या हलल्या नाहीत. नुसत्या जराशा डुलल्या, वाऱ्याने फूल डुलतं तशा. ती फुलावर बसून दबा धरत नाही, ती स्वतःच फूल होते. माशी आपणहून आली, आनंदाने आली, आणि पुढचं इतकं झटक्यात झालं की मास्तरांनी कवळी सावरली.

"हे काही बरं नाही," ते म्हणाले. "पळणाऱ्याला पकडणं वेगळं."

२ फेब्रुवारी

चार दिवस बाईसाहेब जेवल्या नव्हत्या. माशी अंगावर चढली तरी हात उचलेनात, काडीला उलट्या लटकून बसलेल्या. गेल्या असं समजून मी ठकीला फोन केला आणि बोलता बोलता माझा आवाज गेला. एका किड्यासाठी. आज सकाळी बघतो तर काडीवर एक पोकळ बाईसाहेब लटकलेल्या आणि शेजारी दुसऱ्या, मोठ्या, ओल्या, नव्या कोऱ्या गुलाबी.

लगेच ठकीला सांगितलं. "लक्षात ठेव, कात टाकायच्या आधी ती खात नाही. घाबरायचं नाही, हलवायचं नाही, नुसती वाट बघायची."

"कात टाकायच्या आधी खात नाही," ती म्हणाली. "ठेवलं लक्षात, बाबा."

ठकीने माझं इतकं लक्ष देऊन कधी ऐकल्याचं मला आठवत नाही. कवळ्यांत तिला कधी रस नव्हता, त्यात तिची काही चूक नाही. पण हल्ली रोज फोन येतो. काय खाल्लंत, झोप लागली का, बाईसाहेब कशा आहेत. किडा आणला आणि लेक परत मिळाली, असंच म्हणायला हवं.

११ फेब्रुवारी

गंमत झाली. बाहेरच्या खोलीत पेपर वाचत होतो, ठकीचा फोन. "बाबा, दूध ठेवलंय का गॅसवर?" जाऊन बघतो तर दूध उतू जाऊन ओट्यावर तळं. आता इतक्या लांब बसलेल्या पोरीला माझ्या दुधाचं कसं कळावं? आमच्या हिला असं कळायचं. आईचं लेकीत उतरलं.

२० फेब्रुवारी

आज किड्याला एक छानसं नाव ठेवलं. इतके दिवस नुसतं 'ही ही' करत होतो, बरं दिसत नाही. बाईसाहेब! तिचं ते मान वाकडी करून बघणं पाहून एकदम सुचलं. मास्तरांना सांगितलं तर म्हणाले, "छान आहे, पण हे नाव जुनंच आहे की." मास्तरांचं वय झालं. हल्ली त्यांचा गोंधळ होतो.

पेटीत दमटपणा लागतो म्हणून पाण्याचा फवारा मारायची बाटली नव्हती, ती आणली. घरी येऊन बघतो तर तशाच तीन बाटल्या कपाटात. आमच्या हिला वस्तू साठवायची सवय होती.

५ मार्च

नवीन पातेलं तळाशी काळं झालं. हल्लीचे बर्नर असलेच, ज्योत कमी होतच नाही. ठकीचा फोन आलाच, "बाबा, गॅस." नुसतं एवढंच. मी म्हटलं, बंद केला गं. अशी ओढ रक्ताचीच असते. मास्तरांचा मुलगा परदेशातून फक्त वाढदिवसाला फोन करतो, तोही कधी कधी चुकीच्या तारखेला.

१८ मार्च

जावयांनी फोनवर कुठल्याशा जागेचे फोटो पाठवले. मोठी बाग, बागेत बाकं, वाचनालय, सगळ्या खोल्या तळमजल्यावर. एक नर्स हसताना. मी विचारलं, हे कुणासाठी? म्हणाले, "सहज, बाबा. आवडतं का बघा." जावयांची आई हल्ली गुडघ्यांनी हैराण आहे, तिच्यासाठी बघत असतील. मी कळवलं, बाग चांगली आहे पण नर्सचे दात खोटे आहेत, रंग चुकलाय.

९ एप्रिल

बाईसाहेबांनी पुन्हा जेवण सोडलं. पाठीवर पंखांच्या गाठी फुगल्या आहेत, म्हणजे ही शेवटची कात. यातून पंख घेऊन बाहेर येणार! इतके महिने मी याचीच वाट बघतोय. पण स्वयंपाकघरात फ्रीजचं दार धाडधाड वाजतं. लटकलेली असताना खाली पडली तर पंख वाकडे होतात आणि मग काही खरं नाही.

म्हणून आज ठकीच्या जुन्या खोलीत नेऊन पडद्यावर सोडली. तिच्या लग्नानंतर ती खोली बंदच असते, शांत आहे. पडदा ओला केला, खाली पाण्यात भिजवलेलं फडकं ठेवलं. बाहेरून कडी लावून घेतली. नाहीतर मास्तर 'नाकतोडा कुठाय' करत शिरायचे. पाचसहा दिवस कोणी आत जायचं नाही. मग फवारा, आणि पंख आल्यावर पहिली माशी माझ्या हाताने.

१० एप्रिल

रिकामी पेटी बघवेना, आणि एक खोडी सुचली. माळ्यावरून माझी जुनी पेटी काढली. स्पिरिटचा दिवा, मेण कोरायची सुरी, आणि कवळीच्या हिरड्या करायचं गुलाबी मेण. अगदी बाईसाहेबांचाच रंग! दिवसभर बसलो. हात अजून थरथरत नाही, हे इथे लिहून ठेवतो. पाकळ्यांचे पाय, जोडलेले हात, वाकडी मान. काडीवर बसवली आणि दोन पावलं मागे गेलो तर मीच फसलो.

फवारा मारला तेव्हाच फक्त चोरी उघडी पडते. खऱ्या बाईसाहेबांच्या अंगावर पाणी पसरतं आणि त्या ते पितात. मेणावर पाण्याचे थेंब तसेच उभे राहतात, मोत्यांसारखे. ठकी हुशार आहे, ओळखेलच. बघू किती वेळ लागतो.

१२ एप्रिल

ठकीचा फोन. मी मुद्दामच विचारलं, "बाईसाहेब बघितल्यास का गं आज?"

"बघितल्या ना! आत्ताच बघितल्या. मस्त माशी झडपली."

मी फोन ठेवून इतका हसलो की ठसका लागला. मेणाची बाई माशी झडपते! कामात असेल, धड बघितलं नसेल. उद्या सांगतो.

१५ एप्रिल

सांगितलं नाही. हौस वाढली. मेणाची काढून आज काडीला एक कवळी टांगली. वरची, नमुन्याची, सगळे दात शाबूत. पेटीत ती अशी काही हसत होती की चहा पिताना माझं तिकडे बघायचं धाडस होईना.

संध्याकाळी फोन. "आज बाईसाहेब कशा दिसतात?" मी विचारलं.

"प्रसन्न दिसतात, बाबा. रंग काय खुललाय!"

मी हसायला तोंड उघडलं आणि हसू आलं नाही. ती पुढे म्हणाली, "आणि बाबा, तो निळा शर्ट धुवायला टाका आता. तीन दिवस तोच आहे."

मी शर्टाकडे बघितलं. निळाच होता.

१६ एप्रिल

मेणाच्या बाईसाहेब परत जागेवर ठेवल्या आणि मास्तरांना खाली बोलावलं. कॅमेरा घडीभर फडक्यात गुंडाळून बाजूला ठेवला आणि त्यांना म्हटलं, त्याच्या जागी डोळा लावून बघा, काय दिसतं. मास्तर स्टुलावर चढले, फळीला गाल टेकवला आणि एक डोळा मिटला.

"तुमची ही अगदी नाकासमोर येते, धुरकट दिसते. नुसता गुलाबी डाग."

"आणि?"

"आणि पलीकडे ओटा. शेगडी. दार. ते मात्र स्वच्छ." ते खाली उतरले आणि माझ्याकडे न बघता हात झटकत राहिले. "लेकीला काळजी असते हो," ते म्हणाले.

म्हणजे दूध, पातेलं, गॅस, शर्ट. आईचं लेकीत उतरलं म्हणे! रक्ताची ओढ म्हणे! मी गाढव. बाईसाहेबांचं तिला काही पडलेलंच नव्हतं. मला वाटलं किडा मला पाळायला दिलाय, आणि पाळलेला होतो मी. काचेच्या पेटीत नाही, एवढाच काय तो फरक. ऊब लागते म्हणे किड्याला!

आणि ती बागेची जागा. जावयांच्या आईसाठी नाहीच ती. तळमजल्यावरची खोली माझी आहे.

१७ एप्रिल

ठकीने ठकवलं. हे नाव मीच ठेवलं होतं.

काल फोन घेतला नाही. आज घेतला. ती म्हणाली, "बाबा, बाईसाहेब काय म्हणतात?" मी म्हटलं, "मजेत." तळपायाची आग मस्तकात गेली होती, पण मजेत म्हटलं. मलाही जमतं.

२२ एप्रिल

कॅमेरा काढून फेकावा असं शंभरदा मनात आलं. पण काढला तर उद्या दारात उभी राहील. म्हणून मी आता नाटक करतो. रोज दाढी, इस्त्रीचा शर्ट. गॅस बंद करताना कॅमेऱ्याला नीट दिसेल असा हात उंच करून बटण फिरवतो. चहा एकच कप ओततो. मेणाच्या बाईसाहेबांना फवारा मारतो, त्यांच्याशी दोन शब्द बोलतो, म्हणजे सगळं व्यवस्थित दिसावं. घरात चोवीस तास पाहुणे असल्यासारखं वाटतं. स्वतःच्या ओट्यापाशी मला अवघडल्यासारखं व्हावं, याहून वाईट काय असतं?

शर्टाची गुंडी लावताना मध्येच रडू आलं, तर बाथरूममध्ये जाऊन रडलो. तिथे कॅमेरा नाही. नसावा.

२८ एप्रिल

ठकी आणि जावई येणार आहेत, पुढच्या आठवड्यात. "सहज दोन दिवस राहायला, आणि एका डॉक्टरांना भेटून येऊ, रक्तदाब बघायला." सहज. या घरात आता काहीही सहज होत नाही.

मी तयारी करतोय. काय बोलायचं, कुठून सुरुवात करायची, सगळं पाठ करतो. मेणाच्या बाईसाहेब समोर ठेवायच्या आणि म्हणायचं, हे बघ, इतके दिवस तू हिचं कौतुक करत होतीस. मग बघू कुणाला कमी दिसतं ते. सगळं घर झाडून घेतलं. ठकीच्या खोलीला बाहेरून कडी कोणी घातली कोण जाणे. उघडली नाही. तिची खोली, ती आली की आवरेल.

बाईसाहेबांना फवारा मारला.

४ मे

सगळं लिहितो. अक्षर कसंही येवो.

दुपारी आले. ठकीने बॅग दारातच ठेवली आणि मला मिठी मारली. मी मारू दिली. चहा मीच केला, बटण उंच हात करून फिरवलं. जावई आणि ठकी एकमेकांकडे बघून हसले आणि त्या हसण्याने माझा संयम सुटला. पाठ केलेलं सगळं गेलं. मी पेटी उघडली, मेणाच्या बाईसाहेब काढल्या आणि ठकीच्या कपाशेजारी बशीत ठेवल्या.

"अहो बाबा, हळू! दुखेल तिला," ती म्हणाली.

मी मेणाच्या मागच्या पायात नख रुतवलं. नखाचा खळगा पडला. "दुखलं?" मी विचारलं. "मेण आहे हे. कवळीचं. हिने माशी झडपलेली बघितलीस तू. एक दिवस आत कवळी टांगली होती, तिचा रंग खुललेला बघितलास. काय बघत होतीस तू त्या कॅमेऱ्यातून, ठके? सांग ना."

ती पांढरीफटक पडली. जावई म्हणाले, "बाबा, ऐका..." मी म्हटलं, तुम्ही थांबा, मी माझ्या लेकीशी बोलतोय.

"तुमच्यासाठीच केलं," ती म्हणाली.

"माझ्यासाठी केलं तर मला का नाही सांगितलं?"

"सांगितलं असतं तर तुम्ही लावू दिला असता?"

"नसता दिला."

"मग?"

या 'मग'वर मी जास्तच ओरडलो. म्हटलं, आईची माया दाखवत होतीस, मला वाटायचं लांबून कळतं तुला. मी मास्तरांना अभिमानाने सांगायचो. माझी मान कापलीस. तोंडावर भांडली असतीस तर मी भांडलो असतो, माझं घर आहे, माझा गॅस आहे. पण फूल देऊन? हे मी जन्मात विसरणार नाही.

जावयांनी खाली बघितलं. मग ठकीने फोन काढला आणि माझ्यापुढे धरला. "मला दाखवायचं नव्हतं, बाबा."

त्यात मी होतो. शेगडीवर रिकामं पातेलं, खाली मोठी ज्योत. मी दोन कप मांडत होतो आणि दाराकडे बघून बोलत होतो. हसत होतो. "तू बस, मी आणतो," असं म्हणत होतो. दारात कोणी नव्हतं. मग मी पातेलं तसंच ठेवून निघून गेलो आणि ज्योत जळत राहिली. असे बरेच तुकडे होते. मला त्यातला एकही आठवत नाही. मी त्या माणसाला ओळखतो, शर्ट माझाच आहे, पण हे मी केलेलं नाही.

"आमच्या हिच्याशी बोललेलं तू ऐकलंस," मी म्हणालो. एवढंच सुचलं. बाकी सगळं एकवेळ माफ केलं असतं. ते ऐकायला नको होतं.

ती रडायला लागली. बशीतल्या मेणाकडे बघत तिने नाक पुसलं आणि हळूच विचारलं, "बाबा, ही मेणाची. मग खरी कुठे आहे?"

मी सांगायला तोंड उघडलं.

मला माहीत होतं. अगदी जिभेवर होतं. कुठेतरी नीट ठेवली होती, विचार करून ठेवली होती, एवढं आठवत होतं. पंख येणार होते. मी पेटीत बघितलं. फ्रीजच्या मागे बघितलं. मग ठकी उठली आणि गुडघ्यांवर बसून टेबलाखाली शोधायला लागली, जावई कुंड्यांत, मी कपाटात. कपाटात फवाऱ्याच्या बाटल्याच बाटल्या. तिघंही एक फूल शोधत होतो आणि मघाचं भांडण कुणाच्या लक्षातच नव्हतं.

शेवटी ठकी बॅग घेऊन तिच्या खोलीकडे गेली. कडी काढल्याचा आवाज आला.

"बाबा," ती म्हणाली. "तुम्ही नका येऊ."

मी गेलो. पडद्याला शेवटची कात लटकलेली होती, पारदर्शक, बोटंसुद्धा जशीच्या तशी. खाली खिडकीच्या कट्ट्यावर बाईसाहेब. पंख आले होते. पांढरे, लांब, कुठे सुरकुती नाही. इतकं सुंदर काम मी जन्मात बघितलं नाही. पडदा कोरडा, फडकं कडक झालेलं. हात जोडलेलेच होते. उचलल्या तर वजनच नव्हतं.

तिने कात टाकली, पंख वाळवले आणि फवाऱ्याची वाट बघितली. कडी बाहेरून होती. घरात माझ्याशिवाय दुसरं कोणी नाही.

५ मे

ठकीने मला फसवलं, हे खरं आहे. ते पुसलं जात नाही. पण तिने फसवलं तेव्हा मी घरी तरी होतो. हा दुसरा जो माणूस माझा शर्ट घालून फिरतो, त्याने मला कधी फसवलं ते मला कळलंच नाही, आणि त्याच्यावर ओरडायला तो समोर येत नाही.

डॉक्टरकडे जातोय. निळा शर्ट धुतलेला आहे.

२६ जून

ठकीच्या घरी आलोय. बहुतेक राहायलाच, कारण माझी मेणाची पेटीही दिसते इथे. ती बागेची जागा तिने रद्द केली असं जावई म्हणाले. कुठली बाग ते मी विचारलं नाही. खोली छान आहे. सकाळी उजेड येतो. आमच्या हिला आवडली असती.

मुख्य म्हणजे ठकीने बाईसाहेबांना आठवणीने आणलं. पेटी मांडीवर धरून आणली म्हणे, सगळा रस्ता. माझ्या खिडकीतच ठेवली आहे. मागच्या पायावर नखाएवढा खळगा पडलाय, प्रवासात कुठे आपटली असेल. बाकी रंग सुरेख आहे.

फक्त खात नाही. आज माशी सोडली, ती तिच्या डोक्यावर जाऊन बसली तरी हिने हात उचलला नाही. ठकीला हाक मारली. ती ऑफिसची घाई सोडून आली, माझ्या शेजारी खाली बसली आणि खूप वेळ पेटीत बघत राहिली. मग म्हणाली, "बाबा, कात टाकायच्या आधी ती खात नाही. घाबरायचं नाही, हलवायचं नाही, नुसती वाट बघायची. तुम्हीच सांगितलंत ना?"

खरंच की! मीच सांगितलं असणार. पोरीने लक्षात ठेवलं. डोळे मात्र तिचे लाल दिसले, जागरणं करते हल्ली.

आता पंख येतील. फवारा मारला. पाण्याचे थेंब तिच्या अंगावर तसेच उभे राहिले आहेत, मोत्यांसारखे. बघत बसलोय.